तीन चुली

निजामाच्या राज्यात मर्दुमशुमारी, म्हणजे माणसांची मोजणी, मी दोनदा केली. कयाधूकाठच्या त्या लहानशा गावात मी मास्तर होतो, आणि सरकारला मास्तराएवढा फुकटचा माणूस दुसरा कुठे मिळणार? पहिल्या वेळी कोतवाल गेरूचं मडकं घेऊन पुढे, मी कागद घेऊन मागे, अशी आमची वरात निघाली. मोमिनांच्या गल्लीत प्रत्येक घरात माग खटखटत होते. घरं इतकी, की गेरू संपला आणि शेवटच्या दारांवर आकडे कोळशाने काढावे लागले.

दहा वर्षांनी पुन्हा निघालो, तेव्हा अर्धं मडकं गेरू उरला. विणकर गिरण्यांच्या गावी निघून गेले होते. गल्लीत मी मुद्दाम मोठ्याने खाकरलो. कुत्रंसुद्धा भुंकलं नाही.

टोकाच्या घरातून मात्र धूर येत होता. एक नाही, तीन! नियम असा होता, की एक चूल म्हणजे एक घर, आणि आज त्या चुलीवर जेवणारी तेवढी माणसं लिहायची. अंगणात म्हातारी खाला, सगळ्या गल्लीची मावशी, तीन चुली पेटवून मधोमध बसली होती. नवरा कधीच गेलेला, दोन्ही मुलगे बायकापोरं घेऊन तीन वर्षांपूर्वी परगावी.

"लिव्ह मास्तर. एक माझी, दोन पोरांच्या. तीन घरं."

"खाला, माणसं कुठं हायेत?"

"येऊन राहिलेत. तुला काहून घाई?"

कोतवाल माझ्या कानाशी लागला, "म्हातारीचं डोस्कं फिरलंय."

"डोस्कं न्हाई, तुझं तोंड फिरलंय," खाला म्हणाली. मग मला हळूच, "कागदावर घर राहिलं न्हाई, तर पोरं परत कुठं येतील रे?"

मी तेव्हा रुबाबात होतो. सुभेदाराच्या थाटात एकेक झाकण उचललं. पहिल्या मडक्यात ज्वारीच्या कण्या. दुसऱ्यात नुसतं पाणी. तिसऱ्यातही पाणीच, पण उकळत्या पाण्यात तिने मीठ टाकलं होतं. चिमटीतले खडे अजून कडेला चिकटलेले.

माझा सगळा थाट तिथेच उतरला. "खाला, कागदाला जेवणारी माणसं लागतात," एवढंच म्हणालो.

तिने पहिल्या चुलीत फुंकर घातली. मग विचारलं, "तुझं नाव कोणाच्या चुलीवर लिव्हलंस?"

मी कागद चाळले. सबंध गाव मोजलं होतं, स्वतःला विसरलो होतो. शाळेच्या पडवीत मी एकटाच शिजवून खायचो. त्या दिवशी तेही केलं नव्हतं.

"मग बस," ती म्हणाली आणि पानावर कण्या वाढल्या. आम्ही दोघं जेवलो. कोतवालाला वाढलं नाही. मी बरोबर नियमाने लिहिलं : घर एक, माणसं दोन.

लिहून होईपर्यंत तिने उरलेल्या दोन चुलींवर त्यांचंच पाणी ओतलं.

"लाकडं तरी वाचली," ती म्हणाली, आणि दार लावून घेतलं.

ही गोष्ट मी चारचौघांत अनेकदा रंगवून सांगतो. कोतवालाच्या फिरलेल्या तोंडापर्यंत लोक पोट धरून हसतात. मी तिथेच थांबतो.