येडा कोण?

माझ्या सख्ख्या भावावर फौजदारी खटला झाला तो एका पेढ्यामुळे.

दादासारखा गरीब प्राणी अख्ख्या जुळे सोलापुरात सापडणार नाही. (मांजर आडवं आलं तर हा थांबतो, त्याला उशीर होऊ नये म्हणून!) मी मात्र पत्रकांवर वाढले. बाबा माढ्याला असताना चळवळीत होते. आमच्या घरात दुपटी कमी आणि पत्रकं जास्त. 'अन्याय सहन करणाराही गुन्हेगार' हे वाक्य मी बाराखडीच्या आधी शिकले.

तर, दादा रेल्वेच्या परीक्षेत पास झाला आणि आम्ही पेढे घेऊन शेजारच्या मलकप्पाकाकांकडे गेलो. काका अक्कलकोटकडचे. दारातच उभे राहून फोनवर गावाकडे कुणाशी तरी कानडीत बोलत होते. दादाने पेढा पुढे केला. काकांनी हात झटकला आणि मी स्वच्छ ऐकलं, "येडा, येडा!"

"दादा, तुला येडा म्हणाले!"

"म्हणू दे की."

"म्हणू दे? आज येडा म्हणतील, उद्या..." (उद्या काय ते सुचलं नाही, पण आवाज चढवला!)

शेवटी केवळ मी गप्प बसावं म्हणून दादाने काकांना ढकललं. एवढंसंच! पण मागे कूलर होता. काका कूलरवर, कूलर पाण्यासकट काकांवर, आणि काकांचं मनगट मुरगळलं.

काका पोलीस ठाण्यात गेले. मी झेरॉक्सच्या दुकानात गेले. संध्याकाळपर्यंत कॉलनीभर माझं पत्रक लागलं: 'येडा कोण?'

"आरं, मी आसलं काय बोललोच न्हाय!" काका जिन्यातून ओरडले.

"वर खोटं बोलता?" मी गॅलरीतून.

मग रेल्वेची चारित्र्य पडताळणी आली आणि आम्ही वकिलांकडे धावलो. खटला चालू राहिला तर दादाची नोकरी लटकणार!

वकील म्हणाले, "साधी दुखापत आहे. तडजोडपात्र गुन्हा. जखमी माणसानं मिटवलं की लोकअदालतीत निर्दोष सुटका. काका तयार आहेत. फक्त पत्रकवालीनं माफी मागायची."

"म्हणजे न्याय गेला चुलीत?"

"न्याय राहू द्या ताई, भावाची नोकरी बघा की."

दादाने चक्क हात जोडले. "एक दिवस तुझी तत्त्वं घरी ठेव गं!"

मी माफीनामा लिहिला. मथळा होता, 'ही माफी नसून निषेधपूर्वक दिलगिरी आहे.'

लोकअदालतीत न्यायाधीश मॅडमनी काकांना विचारलं, "खटला पुढे चालवायचाय का?"

काका कोर्टाची पायरी पहिल्यांदाच चढले होते. घाबरून त्यांची मराठी कुठल्या कुठे पळाली. हात झटकत ते जोरात तेच म्हणाले.

मी ताडकन उठले. "बघा! मॅडम, आता तुम्हालाही येडा म्हणाले!"

वकिलांच्या हातातली फाईल पडली. दादाने डोळे मिटून घेतले. मॅडमनी हातातलं पेन खाली ठेवलं.

"खाली बसा. 'बेडा' म्हणाले ते. कानडीत बेडा म्हणजे नको."

नको! मी बसले नाही, कोसळले. शुगर असलेला माणूस पेढा नको म्हणत होता, आणि त्यासाठी आम्ही त्याला कूलरखाली घातलं!

निषेधपूर्वक दिलगिरी मुठीत चुरगळली गेली. "काका, चुकलं माझं. माफ करा."

"जाऊ दे पोरी. पेढा नको म्हटल्यावर मारत्यात, ही माढ्याची पद्धत आसंल आसंच मला वाटलं हुतं."

सह्या झाल्या. दादा निर्दोष सुटला. बाहेर येताच त्याने काकांपुढे भीतभीत पेढा धरला. मी "अहो, शुगर..." म्हणेपर्यंत काकांनी तो गिळलासुद्धा!

"घेतो बाबा, घेतो! मागल्या टायमाला नको म्हटलं, तर कूलर अंगावर आला की!"

दादा आता होटगीला नोकरीवर जातो. माझी सगळी पत्रकं मीच खरवडून काढली. लिफ्टजवळचं एक तेवढं निघत नाही; डिंक मी तत्त्वानं भरपूर लावला होता. 'येडा कोण?' या प्रश्नाखाली कुणीतरी बॉलपेनने माझं नाव लिहिलंय.

अक्षर दादाचं आहे.