हात हलवणारी माणसं

आमच्या वर्तमानपत्राच्या कचेरीखाली, मांडवीच्या रस्त्यावर, घड्याळं दुरुस्त करणारे एक काका बसतात. पेपरातल्या प्रत्येक फोटोवर बोट ठेवून ते मला विचारत, "कधीचा रे हा?"

मूकपटांच्या काळात त्यांचे वडील तंबूत पडद्याशेजारी उभे राहून बातम्यांच्या फिती लोकांना समजावून सांगत. एकदा पडद्यावर बोटीतून हात हलवणारी माणसं दिसली. बुडालेल्या बोटीतले लोक वाचले, असं वडिलांनी ओरडून सांगितलं. त्या बोटीवरच्या लोकांच्या बायका तंबूतच होत्या. फीत बोट निघतानाची होती. हे सांगताना काका घड्याळावरून नजर काढत नसत.

गेल्या महिन्यात एक मच्छीमार नौका बेपत्ता झाली. 'शोध सुरू' या बातमीसोबत आम्ही तिच्या खलाशांचा हसरा फोटो छापला. काका दुकान बंद करून माझ्या टेबलाशी आले.

"कधीचा?"

"नारळी पौर्णिमेचा, काका."

"नौका चालवणाऱ्या तांडेलाची बायको वाडीत साखर वाटत्येय. तू येतोस सांगायला?"

"उद्या खुलासा छापतो."

ते एकटेच गेले.

खुलासा आतल्या पानावर, तळाशी आला. नौका अजून सापडलेली नाही. आता मी पेपर पुढे केला तरी काका काही विचारत नाहीत.