‘चला, दाखवतो की’

म्हादबा गेल्याचं कळलं तेव्हा मी भाव घासत होतो. समोर लॅपटॉपवर परदेशी कंपनीचा खरेदी अधिकारी होता. पंपाच्या ओतीव कास्टिंगचा दर त्याला आणखी खाली हवा होता आणि मी तसूभर हलायला तयार नव्हतो. तेवढ्यात टेबलावरचा मोबाइल उजळला. म्हादबाच्या मुलीचा मेसेज होता : ‘काका, आबा गेले.’ मी मोबाइल पालथा ठेवला आणि बोलत राहिलो. पंधरा-वीस मिनिटं बोललो, दर टिकवला, मग केबिनचं दार लावून बसलो. पहिल्यांदा मनात आलं ते दुःख नव्हतं. वाटलं, हा माणूस उत्तर न देताच गेला... आता सहा आठवडे होत आले. तो राग अजून तसाच आहे, आणि तो बाजूला ठेवून गोडगोड लिहायला मला जमणार नाही. म्हादबालाही ते आवडलं नसतं.

आम्ही दोघं शिवाजी पेठेतले. विशीत एकाच फौंड्रीत कामाला लागलो. लोखंड ओतायचा साचा वाळूचा असतो, हे कोल्हापूरच्या वाचकांना सांगायला नको. म्हादबा साचे भरायचा. मूठभर ओली वाळू घट्ट दाबायची, मूठ उघडायची, ढेकूळ दोन बोटांनी मोडायचं आणि मोडलेली कड बघून सांगायचं, पाणी जास्त की कमी. पुढं प्रयोगशाळा आली, मीटर आले. मीटरवरचा आकडा पटला नाही की पोरं म्हादबालाच हाक मारायची. उचगावजवळ एक शेड भाड्यानं घेऊन मी स्वतःची फौंड्री काढली, तेव्हा पहिला माणूस नेला तो हाच. आमच्या घरात माझ्याआधी कुणी धंदा केलेला नव्हता. बँकवाले दारात उभं करत नव्हते. म्हादबाला म्हटलं, भागीदार हो. तर म्हणाला, “भागीदार झालो तर तुला शिव्या कुणी द्यायच्या?” कामगारांसमोर तो मला ‘मालक’ म्हणायचा आणि दोघंच असलो की ‘रंग्या’. मी चिडलो असलो की मात्र दोघंच असतानाही मुद्दाम ‘मालक’ म्हणायचा, म्हणजे मी आणखी चिडावं.

कारखाना वाढला, परदेशाचं काम आलं. त्याबरोबर वापरून जळलेली काळी वाळूही वाढली. रोज संध्याकाळी तिची ट्रॉली भरायची आणि मागच्या ओढ्याकाठी, जुन्या खाणीच्या खड्ड्यात रिकामी व्हायची. परिसरातले आणखी दोघं-तिघं तिथंच टाकत होते. मीही टाकत होतो. खड्डा भरून वर ढीग चढला. खड्ड्यापलीकडं कामगारांची वस्ती होती. म्हादबानं तिथंच दोन खोल्यांचं घर बांधलं होतं. मधूनमधून तो म्हणायचा, “रंग्या, बोअरच्या पाण्याला वास येतोय लेका.” मी म्हणायचो, पुढच्या वर्षी बघू. असं मी किती वर्षं म्हणालो ते आता सांगवत नाही.

मग त्या परदेशी कंपनीनं ऑडिट लावलं. पर्यावरण, कामगारांची सुरक्षा, सगळ्याचा लांबलचक फॉर्म. पास झालो तर मोठी ऑर्डर, नाही तर होती तीही बंद. मी तयारीला लागलो. जमिनीवर पिवळे पट्टे मारले. आदल्या दिवशी सगळ्यांना नवे मास्क वाटले. त्याच्या आधी मास्क कुणी मागितले नव्हते आणि मीही दिले नव्हते. कामगारांना एकेक करून केबिनमध्ये बोलावलं आणि काय विचारतील, काय सांगायचं, ते पाठ करून घेतलं. वाळू वीटभट्टीला जाते, असं सांगायचं ठरलं. कागदही तसा तयार ठेवला. फक्त म्हादबाला बोलावलं नाही. त्याला काय शिकवायचं? तो माझाच होता.

पुण्याहून एक बाई आल्या, बरोबर कंपनीचा एक उंच गोरा माणूस. दोन तास सगळं सुरळीत चाललं. मोल्डिंगच्या जागी बाई थांबल्या आणि समोर म्हादबा उभा होता म्हणून त्याला सहज विचारलं, “काका, वापरलेली वाळू कुठं जाते?” म्हादबानं हात पुसले. म्हणाला, “चला, दाखवतो की.”

आणि निघाला. मागच्या गेटनं, चिखलातून, पुढं म्हादबा, मागं बाई, त्यांच्या मागं तो गोरा आणि सगळ्यांत शेवटी मी. मला ओरडता येत नव्हतं आणि थांबवताही येत नव्हतं. म्हादबा खड्ड्याच्या कडेला गेला आणि बाजूला सरून उभा राहिला, पाव्हण्यांना नीट दिसावं म्हणून. त्या माणसानं फोटो काढले. परत आला तेव्हा त्याचे बूट घोट्यापर्यंत काळे झाले होते.

महिन्याभरात ऑर्डर थांबली. मी दुसरी पाळी बंद केली. ज्या दिवशी माणसांना घरी पाठवलं, त्या दिवशी गेटवर सगळ्यांदेखत मी म्हादबावर तुटून पडलो. “तुझ्या गल्लीतलीच किती घरी बसली, मोज की जरा!”

“मोजलीत.”

“मग कशाला त्वांड उघडलंस?”

“इचारलं त्यांनी.”

“इचारलं म्हणून सांगायचं?”

“तू सगळ्यास्नी शिकवलंस,” तो म्हणाला, “मला एकट्याला न्हाय शिकवलंस. शिकवलं असतंस तर तसंच सांगितलं असतं.”

मी म्हटलं, उद्यापासून येऊ नको. तो म्हणाला, “बरं, मालक.”

‘शिकवलं असतंस तर’ या एका वाक्यावर मी तीन वर्षं जळलो. खरंच बोलला असता का तो खोटं? असता, तर दोष माझा, मी त्याला सांगायला चुकलो. नसता, तर गेटवर तो माझ्या जखमेवर मीठ चोळत होता. दोन्हींतलं एक धरून बसता आलं असतं तर बरं झालं असतं.

पुढं मी कर्ज काढून वाळू धुवून पुन्हा वापरायचं यंत्र बसवलं. ऑर्डर परत आली, पूर्वीपेक्षा कमी दरानं. दर उतरवा आणि वाळूही स्वच्छ ठेवा, दोन्ही मागण्या एकाच ईमेलमध्ये असतात. यंत्राचा खर्च माझा, वीज माझी. त्यांच्या चकचकीत पुस्तिकेत मात्र माझ्या शेडचा फोटो छापून आला, शेजारी हिरवं पान. त्यात म्हादबा कुठंच नाही. तोवर त्याला चार पायऱ्या चढवत नव्हत्या. डॉक्टरांनी छातीचा फोटो बघून विचारलं होतं, किती वर्षं धुळीत काम केलं? त्यातली बहुतेक वर्षं माझ्याकडची. दवाखान्यात न्यायला मी गाडी पाठवायचो. गाडी रिकामी परत यायची आणि तो रिक्षानं जायचा.

शेवटी मीच गेलो, तो जायच्या महिनाभर आधी. भांडायलाच गेलो होतो. तो खिडकीशी उशीला टेकून बसला होता. मला बघून म्हणाला, “ये रंग्या.” तीन वर्षांनी ते नाव ऐकलं आणि जे पाठ करून गेलो होतो ते सगळं विसरलो. इकडचं तिकडचं झालं. मग मी विचारलंच, “मी शिकवलं असतं, तर खोटं बोलला असतास?”

तो हसला, हसताना खोकला लागला, बराच वेळ थांबेना. मग म्हणाला, “आता हितं बी भाव करायला आलास व्हय?” दम खाऊन पुन्हा म्हणाला, “त्या खड्ड्याचं काय?”

“आता टाकत न्हाय तिथं.”

“जुनी हाय की.”

मी सांगितलं, ऑडिटच्या फॉर्ममध्ये जुन्या वाळूचा रकानाच नाही. म्हादबा म्हणाला, “रकाना न्हाय म्हणून वाळू न्हाय व्हय?” मी उठलो. चहा तसाच राहिला... त्याच्याशी झालेलं हे शेवटचं बोलणं.

बाराव्याला गेलो तेव्हा त्याच्या खोलीत बसवलं. खोलीच्या या भिंतीपासून त्या भिंतीपर्यंत दोरी बांधलेली आणि तिच्यावर धुतलेले कपडे. मला मान वाकवूनच बसावं लागलं. बाहेर अंगणात लख्ख ऊन होतं. मी म्हटलं, “वहिनी, भाईर ऊन पडलंय की.”

वहिनी म्हणाल्या, “ह्यांनीच बांधलीया. वारं सुटलं की त्या ढिगाची काळी पूड कापडावर बसती. पंधरा वरसं झाली, आमची कापडं आतच वाळत्यात.”

“आता वाळू टाकत न्हाय तिकडं.”

“टाकत न्हाईसा. पर उचलली बी न्हाई न्हवं, भावजी?”

त्यांच्या आवाजात राग नव्हता. राग असता तर मला उत्तर देता आलं असतं. मी हिशेबी माणूस, तोंडातून आपोआप गेलं, “पावसाळ्याच्या आत निम्मा ढीग उचलतो.”

“निम्मा?” वहिनींनी दोरीवरचा म्हादबाचा सदरा काढून घडी घातली. “मग मी निम्मी कापडं भाईर घालू व्हय?”

तिथं वाळू टाकणाऱ्या बाकीच्यांना मी फोन केले. एकानं फोन ठेवला, दुसरा म्हणाला, मित्र गेला म्हणून तुझं डोकं फिरलंय. पेव्हिंग ब्लॉक करणारा एकजण थोडी वाळू घ्यायला तयार आहे, बाकीची कुठं न्यायची ते अजून ठरत नाही. परदेशी कंपनीला लिहिलं, तर उत्तर आलं की हा विषय त्यांच्या कक्षेत येत नाही. म्हणून हे इथं लिहितो आहे. माझं नाव खाली छापलं जाईल, म्हणजे मला मागं फिरता येणार नाही. सगळा ढीग उचलायचा आहे, माझा आणि त्यांचाही. म्हादबावरचा राग त्यानं जाईल असं मुळीच नाही.

गेल्या आठवड्यात पुन्हा जाऊन आलो. दोरी अजून बांधलेली आहे. तिच्याखालून वाकून आत गेलो, वाकूनच बाहेर आलो.