इंजिनिअरसाहेबांचं फाटक

वकिलाच्या घरात दोन गोष्टी साठतात, जुन्या फायली आणि किस्से. फायली वाळवी खाते. किस्स्यांना वाळवी लागत नाही, उलट दर वर्षी ते थोडे जाडच होतात. माझ्याकडे आगीचे किस्से जरा जास्तच आहेत आणि त्याला कारण आमचे गोविंदमास्तर. त्यांच्यावर केस झाली नसती, तर आम्ही आगीचा कायदा एवढा चिवडलाच नसता.

पोलीस ॲक्शनला दोन-तीन वर्षं झाली होती. निजामाचं राज्य गेलं, मागोमाग त्याचे कायदे गेले आणि बाकी हिंदुस्थानात चालणारा पीनल कोड हैदराबादेत आला. आमचा अड्डा बरकतपुऱ्यात, भाऊसाहेबांच्या पुढच्या खोलीत. भाऊसाहेब आमच्यात ज्येष्ठ, सगळी वकिली उर्दूत केलेले. त्यांचे मुन्शी रसूलमियाँ. विलायतेहून शिकून आलेले एक गृहस्थ, त्यांना आम्ही नुसतं बॅरिस्टर म्हणायचो. आणि मी, नवी सनद घेतलेला.

मास्तर नल्लकुंट्यात राहायचे. सरकारी शाळेत शिक्षक, पेन्शनला तीन वर्षं उरलेली. त्या साली होळीला गल्लीतल्या पोरांनी रिवाजाप्रमाणे लाकडं पळवली आणि त्यात मद्रासकडून नव्यानं बदलून आलेल्या एका इंजिनिअरसाहेबांचं लाकडी फाटकही गेलं. होळी नेहमीसारखी मास्तरांनी पेटवली. सकाळी साहेबांनी पाहिलं तर अंगणाला फाटक नाही. त्यांनी थेट पोलीस ठाणं गाठलं. पेटवणारा हात मास्तरांचा, म्हणून आरोपी मास्तर. शिक्षा झाली की नोकरी जाणार आणि पेन्शनही जाणार.

पोरांची नावं सांगा, निदान काहीतरी वजन हलकं होईल, असं आम्ही त्यांना म्हणालो.

"पोरांची नावं मी फक्त हजेरीला घेतो," मास्तर म्हणाले.

✱

भाऊसाहेबांना जुना कायदा कलमासकट पाठ होता. झोपेतून उठवून विचारा, नंबर सांगायचे. नवा कायदा आला आणि सगळे नंबर इकडचे तिकडे झाले. नव्या कायद्याखालच्या त्यांच्या पहिल्याच आगीच्या खटल्यात ते ऐटीत उभे राहिले आणि सवयीनं जुना नंबर बोलून गेले.

मॅजिस्ट्रेट नागपूरकडचे होते. त्यांना मराठी यायचं, इंग्रजी यायचं, उर्दूचं मात्र अलिफसुद्धा येत नव्हतं. त्यांनी नवं पुस्तक उघडून तो नंबर काढला, चष्मा पुसला आणि पुन्हा वाचला.

"भाऊसाहेब, तुमच्या अशिलानं गवताची गंजी जाळली असं मी समजत होतो. या कलमाखाली तर त्यानं खोटी नाणी पाडलेली दिसतात."

भाऊसाहेब त्या दिवशी जेवले नाहीत. रसूलमियाँनी त्यांची समजूत काढली, "साब, दिल छोटा नक्को करो. आग तो वहीच है, खाली नंबर बदल गया."

✱

नव्या कायद्यात आग लावण्याला वेगळं नावच नाही. 'मिस्चिफ बाय फायर' म्हणतात. मास्तरांच्या केससाठी वाचन चाललं होतं आणि वहिनी, म्हणजे भाऊसाहेबांच्या मंडळी, चहा घेऊन आल्या. एवढं काय वाचताय, असं त्यांनी विचारलं. भाऊसाहेबांनी सरळ मराठी केलं, "आगीनं केलेली खोडी."

"खोडीला शिक्षा किती?"

"सात वर्षं. घर जाळलं तर दहा, नाहीतर जन्मभर काळं पाणी."

वहिनींनी कपबशा खाली ठेवल्या. "तुमच्या चुलतभावानं आपल्या लग्नात मांडवाला फटाका लावला होता. तेव्हा तुम्ही त्याला पाठीशी घातलंत नि म्हणालात, जाऊ दे, लहान आहे. चाळीस वर्षांचा होता तो."

भाऊसाहेबांनी पुस्तक मिटलं आणि त्या दिवसाचं वाचन तिथंच संपलं.

✱

स्वतःची वस्तू जाळली तर गुन्हा होतो का? पुष्कळांना वाटतं, होत नाही. भाऊसाहेबांकडे पूर्वी एक अशील होता, त्यालाही तसंच वाटायचं. दोन भावांचं एक सामायिक घर. थोरल्याचं धाकट्याशी वाजलं आणि थोरल्यानं रागाच्या भरात घराला काडी लावली. कायदा म्हणतो, वस्तू तुमची असली तरी तीत दुसऱ्याचा वाटा असेल आणि त्याचं नुकसान होणार हे तुम्हाला ठाऊक असेल, तर गुन्हा आहेच.

भाऊसाहेबांनी कोर्टात छाती काढून सांगितलं की माझ्या अशिलानं काडी लावली ती पूर्वेच्या अर्ध्या भागाला, आणि तो भाग त्याच्याच हिश्शाचा होता.

त्या वेळचे मॅजिस्ट्रेट शांतपणे म्हणाले, "वाटणीपत्र आगीला दाखवलं होतं का?"

हे ऐकून मास्तर खूप हसले आणि मग म्हणाले, "पण भाऊसाहेब, फाटकात माझा वाटा नव्हता हो." तोही रस्ता बंद झाला.

✱

बॅरिस्टरांचा जीव इंग्लंडात अडकलेला. तिकडच्या जुन्या कायद्यात आग लावणं म्हणजे दुसऱ्याचं राहतं घर जाळणं, आणि त्यातही लाकडाचा थोडा तरी कोळसा झाला पाहिजे. नुसत्या धुरानं काळं पडलं तर तो गुन्हा पुरा होत नाही. बॅरिस्टरांना हा मुद्दा इतका प्रिय होता, की एका जळक्या घराच्या खटल्यात त्यांनी पुराव्यात आलेलं तुळईचं टोक हातात घेतलं. खिशातला पांढरा रुमाल काढून त्यावर फिरवला आणि काळा झालेला रुमाल सगळ्या कोर्टाला दाखवला.

"देखिए हुजूर, सिर्फ धुआँ! अंदर लकडी एकदम सलामत है."

असं म्हणून त्यांनी तुळई दाबून दाखवली. तिचा टवका निघाला आणि हातात, कोटावर, समोरच्या कागदांवर कोळशाची भुकटी पडली.

मॅजिस्ट्रेटांनी आपले कागद झटकले. "याला इंग्लंडात काय म्हणतात, बॅरिस्टरसाहेब?"

पण खरं सांगायचं तर मास्तरांच्या केसमध्ये कामाला आले ते बॅरिस्टरच. पोलिसांनी आधी घर जाळल्याचं कलम लावलं होतं, दहा वर्षांचं. बॅरिस्टर तासभर इंग्रजीत बोलले. कुंपणाचं फाटक म्हणजे घर नव्हे, आणि बिजागरीतून निघालेलं फाटक तर नुसतं लाकूड. ते कलम उडालं. राहिलं सात वर्षांचं. आम्ही पेढे वाटणार होतो, पण मास्तरांच्या पत्नी दारात उभ्या होत्या. सात वर्षं म्हणजे किती, ते त्या बोटांवर मोजत होत्या. मग कुणी पेढ्यांचं नाव काढलं नाही.

✱

आता सगळं एका प्रश्नावर आलं. फाटक साहेबांचं आहे, हे मास्तरांना माहीत होतं का? माहीत नव्हतं, तर सुटका. भाऊसाहेबांनी मास्तरांना आठ दिवस शिकवलं. कोर्ट विचारेल, माहीत होतं का. तुम्ही म्हणायचं, नव्हतं. दोनच शब्द, 'नव्हतं साहेब'.

"पण ते खोटं होईल," मास्तर म्हणाले.

"अहो, आरोपीला शपथ देत नाहीत! तो खोटं बोलला तरी त्याबद्दल शिक्षा नाही. कायद्यातच लिहिलंय."

"तुमच्या कायद्यात नसेल. माझ्या वर्गात आहे."

भाऊसाहेबांनी कपाळावर हात मारला. रसूलमियाँ म्हणाले, "मास्टरसाब, एक बार झूट बोल देव, फिर जिंदगीभर सच बोलते बैठो." मास्तर नुसते हसले. आम्हाला मात्र त्यांचा राग आला होता, आणि भीतीही वाटत होती. चांगला माणूस आपल्या चांगुलपणानं तुरुंगात चाललाय हे बघवत नव्हतं.

✱

सुनावणीचा दिवस. इंजिनिअरसाहेबांची साक्ष आधी झाली. फाटक माझं, सागवानी, आता नुसत्या बिजागऱ्या उरल्या. मग पंचनामा वाचायचा होता. तो उर्दूत, आणि मॅजिस्ट्रेटांना उर्दू येत नाही, म्हणून कोर्टानं रसूलमियाँना उभं केलं. त्यांनी होळीच्या राखेतून जप्त झालेला माल खणखणीत आवाजात वाचला, "जली हुई कुंडी एक, कब्जे दो, नारियल आधा."

कडी आणि दोन बिजागऱ्या सगळ्यांनी ऐकल्या, नारळाकडे कुणी लक्ष दिलं नाही. होळीत नारळ असायचाच.

मग मॅजिस्ट्रेट मास्तरांकडे वळले. "फाटक इंजिनिअरसाहेबांचं आहे, हे तुम्हाला माहीत होतं?"

भाऊसाहेबांनी डोळे मिटले.

"होतं," मास्तर म्हणाले.

भाऊसाहेबांनी फाईल बंद करून दोरी बांधली.

"माहीत असून पेटवलंत?"

"पेटवताना गोवऱ्यांच्या आड दिसलं नाही, साहेब. पेटल्यावर हिरवा रंग दिसला. गल्लीत हिरवं फाटक एकच."

"मग विझवलं का नाही?"

"विझवणार होतो. पाण्याची घागर मागवली. तेवढ्यात इंजिनिअरसाहेब स्वतः पुढं आले. जोडे काढले, हात जोडले आणि बरोबर फाटकावर नारळ वाहिला. मला वाटलं, त्यांनीच दिलंय. मालकानं नारळ वाहिल्यावर मी पाणी कसं ओतणार?"

भाऊसाहेब दोरी सोडायला लागले आणि घाईत तिची गाठ बसली. ते दबक्या आवाजात मास्तरांवर ओरडले, "हे आम्हाला आधी का नाही सांगितलंत?"

"तुम्ही विचारलंच नाही. तुम्ही मला उत्तर शिकवत होता."

मॅजिस्ट्रेटांनी इंजिनिअरसाहेबांना परत बोलावलं. पंचनाम्यातला नारळ तुमचा का? साहेब म्हणाले, हो. आपलं फाटक ओळखलं नाहीत? साहेब म्हणाले, मी गल्लीत नवा, सगळे नारळ वाहत होते म्हणून मीही वाहिला.

"पंचनाम्यात अर्धाच नारळ आहे. बाकीचा अर्धा?"

साहेबांनी मान खाली घातली. "प्रसाद म्हणून खाल्ला, सर. फार छान भाजला होता."

मास्तर सुटले. वहिनींनी आणलेले पेढे मास्तरांच्या बायकोनं हातात घेतले, पण त्यांना खाता येईनात, त्या रडत होत्या. खरं म्हणजे आम्ही सगळेच तसे होतो. इंजिनिअरसाहेब ओशाळून जवळ आले आणि मास्तरांना आपल्या जीपमध्ये बसा म्हणाले, कारण मास्तरांचा चौथा तास चुकत होता. मास्तर पुढं बसले. भाऊसाहेब आणि मी मागं.

नारायणगुड्याच्या चढावर साहेब आपल्या मोडक्या हिंदीत म्हणाले, "मास्टरजी, नया गेट लगाया. फिर से सागवान. आपकी गली है, आपको सब मालूम. अगले साल गेट सेफ रहेगा ना?"

मास्तरांनी समोरच्या रस्त्याकडे बोट केलं.

"जरा तेज चलाइए, साहब," ते म्हणाले. "मेरा पीरियड जा रहा है."