सासूबाईंची राहिलेली ओटी

माझं माहेर उंब्रजचं. लग्न होऊन आले ती विट्याजवळच्या माळावर, धरणानं उठवलेल्या लोकांच्या वस्तीत. सासरचं गाव कोयनेच्या पाण्याखाली गेलेलं. मी ते कधी पाहिलंच नाही, पण सासूबाईंच्या तोंडून ऐकून ऐकून पाठ झालं होतं. त्यांचं दुखणं एकच. "सवाष्ण बाई मी, संसार गाडीत घालून निघाले अन् ओटीत तांदळाचा दाणा न्हाई. भरायची कुणी? भरणाऱ्याबी त्याच दिवशी निघालेल्या!"

बहात्तरचा दुष्काळ सरला आणि एक दिवस वस्तीत जीप आली. मुंबईचे शूटिंगवाले. विस्थापितांवर माहितीपट काढायचा म्हणे. डायरेक्टर चष्मेवाला, पुस्तकातलं मराठी बोलायचा. म्हणाला, "गाव सोडतानाचा प्रसंग पुन्हा करून दाखवा." झालं, दारात बैलगाडी जुंपली. ट्रंक, जातं, कोंबड्या, सगळं चढवलं. मामंजी कासरा धरून बसले. मी पोर कडेवर घेऊन उभी.

"आवं, मी कुठली धरणातली? मी तवा उंब्रजात परकर नेसून शाळंत जात होते."

"चालेल. फक्त रडा."

सासूबाई उंबऱ्याबाहेर आल्या आणि गाडीत चढायचं सोडून पाट मांडून बसल्या. "ओटी भरल्याबिगर मी उठणार न्हाई."

शेजारीण कुंपणापाशी गंमत बघत होती. ती मूळची इथलीच. पाण्यावरून भांडण झाल्यापासून आमचं तिचं बोलणं बंद. सासूबाईंना ती 'धरणवाली' म्हणायची. पण सवाष्ण घर सोडून निघालीय म्हटल्यावर तिला कुठलं राहवतंय! तांदूळ, नारळ घेऊन सरळ कॅमेऱ्यापुढं आली.

"कट! कट!"

"काय कट? आधी कुंकू तर लावू द्या."

ओटी भरली, गाडी वडापर्यंत गेली, परत आली. डायरेक्टर म्हणाला, सूनबाई हसत होत्या, पुन्हा घेऊ. सासूबाई पुन्हा पाटावर.

"आजी, मघाशी भरली की!"

"ती मघाच्या जाण्याची."

आता सांगा, हसू कसं आवरायचं? मी हसत राहिले, शेजारीण ओटी भरत राहिली. नारळ संपले तशी डायरेक्टरनं जीप विट्याला पिटाळली. सासूबाईंनी आधीच्यातला एकही नारळ पदरातून काढू दिला नाही. मामंजी म्हणाले, "बैलांचा तरी इचार कर गं."

पुढं तो माहितीपट शाळेच्या भिंतीवर चादर बांधून दाखवला. ओटीचा तुकडा काढून टाकलेला. नुसती गाडी चाललीय आणि जडशीळ आवाजात कुणी सांगतंय, "रिकाम्या हातांनी निघालेली ही माणसं..."

सासूबाई ताडकन उठल्या. त्यांची सावली अख्ख्या चादरीवर. "खोटं बोलतोय त्यो! पदर बघा की माझा, केवढा फुगलाय!"

मागनं शेजारीण ओरडली, "आगं धरणवाले, खाली बस की! माझं नारळ दिसू देत!"