ओल्या पावलांची जागा

हे मी आजवर कोणाजवळ बोललो नाही. बायकोजवळही नाही. तुम्हाला का सांगतोय — तुम्ही मला ओळखत नाही, म्हणूनच असेल.

मी मूळचा कोकणातला. शाळा दहावीनंतर सुटली आणि पोटामागे फिरत यवतमाळला सरकी काढायच्या जिनात आलो. तिथे कापसाच्या ढिगाशी हिरासिंग भेटला, आर्णीकडच्या तांड्यातला. त्यानं मला घरी नेलं. त्याच्या याडीनं, म्हणजे आईनं, मला लेकासारखं जेवू घातलं. पोलीसभरतीची बातमीही त्यानंच आणली. ‘कोकण्या, चाल बे, दोघंबी साहेब होऊ.’ तो नसता तर मी कुठे असतो?

दौड झाली, छाती झाली, उंची झाली. राहिली डॉक्टरी. दवाखान्याचा व्हरांडा, काळी फरशी, उन्हाची एक तिरीप — अजून डोळे मिटले की मी तिथेच असतो, आणि सगळं पाण्याखाली चालल्यासारखं संथ चालतं. बादलीत पाय बुडवायचे, फरशीवर उमटवायचे, मागे भिंतीशी जाऊन उभं राहायचं. डॉक्टर येऊन ठसे बघणार. आधीचा एक पोरगा बाहेर जाताना माझ्याशी पुटपुटला होता — तळवा सपाट असला की गेला माणूस.

हिरासिंगचा ठसा मधे छान कमान असलेला. माझा — भाकर थापल्यासारखा, अख्खा.

मग मी काय केलं? सांगतो. सांगायलाच तर बसलोय. ‘जरा इकडे ये रे,’ मी म्हणालो, ‘मला ऊन लागतंय.’ एवढंच.

‘लय नाजूक बे तू,’ तो हसला, आणि माझ्या जागी, माझ्या ठशामागे जाऊन उभा राहिला. मी त्याच्या ठशामागे सरकलो. त्याचं काय होईल ते मला कळत नव्हतं? कळत होतं.

डॉक्टर आले. खाली पाहिलं, वर पाहिलं, नाव विचारलं. हिरासिंग नापास, मी पास. थोड्या वेळानं पाणी वाळलं, फरशी पुन्हा नुसती काळी.

तो कोर्टात गेला. त्याच्या वकिलांनी पुन्हा तपासणी मागितली. न्यायाधीश म्हणाले, डॉक्टरांचं मत अखेरचं. तपासणीतच घोटाळा झाला असेल तर दाखवा. तेव्हा हिरासिंगला आठवलं — आपण जागा बदलली होती. साक्षीदार एकच, मी. वणीहून वर्दीतच आलो.

वकिलांनी विचारलं, ‘डॉक्टर येण्याआधी तुम्ही दोघांनी जागा बदलली होती?’

वर पंखा फिरत होता. मला वर्दीचं बटण दिसत होतं, फक्त बटण.

‘नाही,’ मी म्हणालो.

दावा गेला. भरतीचं त्याचं वयही तोवर उलटलं होतं. मी मात्र याच सपाट पायांनी निवृत्तीपर्यंत गस्त घातली. कधी दुखलेसुद्धा नाहीत.

साक्ष दिली त्या दिवशी तो कोर्टाच्या पायऱ्यांवर माझ्याशेजारी येऊन बसला. शिवी देईल, थोबाडीत मारेल — मी वाट पाहत होतो.

‘मलेच सपान पडलं असन, भाऊ,’ तो म्हणाला. ‘जागा काहून बदलू आपण?’

‘पडलं असेल,’ मी म्हणालो.