अर्जाची पोच

वडील गेल्यावर शेताच्या सातबाऱ्यावर माझं नाव चढावं म्हणून मी दोन वर्षं तलाठ्याकडे खेटे घातले. दर बहाराला मोर्शीच्या बगीच्यातली संत्री नेली आणि "होऊन जाते ना भाऊ" ऐकून परतलो. शेवटी डोकं फिरलं. याला हायकोर्टातच खेचतो म्हणत अमरावतीत वकिलाकडे गेलो आणि अर्धा तास तणतणलो. वकिलानं शांतपणे हात पुढे केला. "अर्जाची पोच द्या."

अर्ज मी दिलाच नव्हता. सगळं तोंडी, संत्री सोलता सोलता. आणि मी स्वतः कचेरीतला बाबू. उभ्या नोकरीत लेखी अर्जाशिवाय कोणाकडे मान वर करून पाहिलं नव्हतं!

वकिलानं पेन उघडलं. "मंग याचिकेत उशीर कोणाचा लिहू, काका?"